सतराचा पाढा

मला आलेलं एक पत्र थोडक्यात असं आहे. लिहिणाऱ्या बाई ७५ वर्षांच्या आहेत. जन्म गोव्यातला, बार्देश तालुक्यातल्या एका खेड्यातला. लग्न होऊन पुण्यात आल्या त्याला पन्नास वर्षं उलटली. वडील देवळाच्या सभामंडपात मराठी शाळा चालवत. १९५५ च्या पावसाळ्यात, सत्याग्रहाच्या दिवसांत, पोलिसांनी त्यांना रात्री घरातून नेलं. एकोणीस दिवसांनी ते परत आले तेव्हा उजव्या हाताची दोन बोटं वळत नव्हती. बाई तेव्हा पाच वर्षांच्या, थोरले भाऊ बारा वर्षांचे. बाईंना त्या रात्रीचं काही म्हणजे काही आठवत नाही. "बाबा कारवारला मामाकडे गेलेत" असं आई म्हणाली होती तेवढं आठवतं. आणि नंतर बाबा खडू डाव्या हातात धरायला लागले ते.

बाकीची आठवण गोड आहे आणि पत्राची सहा पानं तिनेच भरली आहेत. शेजारच्या घरी येणारा हॉलंडचा चीजचा गोळा, त्यावरचं लाल मेण, ते मेण तळहातावर मऊ करून केलेला पोपट. नाक्यावरच्या चौकीतला एक तरुण पाखला, म्हणजे गोरा पोर्तुगीज शिपाई, शाळेतून येताना टॉफी द्यायचा. आणि बाबांबरोबरचा एक खेळ: संध्याकाळी बाबा आणि चार-पाच काका मंडळी आत बसलेली असायची, बाई सोप्यावर बसायच्या, आणि पाणंदीत अनोळखी माणूस दिसला की त्यांनी मोठ्या आवाजात सतराचा पाढा सुरू करायचा. चुकला नाही तर रात्री बाबा गुळाचा खडा द्यायचे.

यंदा नातवाने आजीच्या या आठवणी मोबाइलवर रेकॉर्ड करून घरच्या ग्रुपवर टाकल्या. त्याच सुमाराला तो पोर्तुगालच्या पासपोर्टच्या खटपटीत आहे आणि त्यासाठी आजीच्या जन्माची नोंद लिस्बनला करावी लागणार आहे. कागद आजीच्या सहीसाठी आलेत. गोव्यातल्या दादांनी दोन्ही गोष्टी एकाच दिवशी ऐकल्या. फोनवर म्हणाले, "बाबांची बोटं मोडणाऱ्यांच्या दारात आता सही करायला जाणार? तुला काय आठवणार म्हणा, तू पाखल्यांची चॉकलेटं खात होतीस." तेव्हापासून चार महिने दोघांचं बोलणं बंद आहे. कागद कपाटात आहेत. बाई विचारतात: "माझं बालपण खोटं होतं का? दादाचं खरं असेल तर माझं खोटंच ठरतं. मी काय करू?"

प्रिय ताई,

तुमचं पत्र येऊन महिना झाला. उशीर कामामुळे झाला असं लिहिता आलं असतं, पण ते खरं नाही. पत्रातली एक गोष्ट तुम्हाला सांगावी की न सांगावी, हे माझं ठरत नव्हतं. ती पुढे येईल.

आधी तुमचा प्रश्न. तुम्ही दोन्ही बालपणं तराजूच्या दोन पारड्यांत टाकलीत: एक वर गेलं की दुसरं खाली जाणारच. दादाही तेच करतायत. कोर्टात दोन साक्षीदार उलटसुलट बोलले तर एक खोटा ठरतो, हे कोर्टापुरतं ठीक आहे. पण पाच वर्षांची मुलगी आणि बारा वर्षांचा मुलगा एका घरात राहतात तेव्हा ते एकाच घरात राहत असतात का? बारा वर्षांच्या मुलाला रात्री दार वाजल्यावर उठवलं जातं, कंदील धरायला सांगितलं जातं. पाच वर्षांच्या मुलीच्या अंगावर गोधडी ओढली जाते. सकाळी तो आईचा चेहरा वाचतो, ती पेज खाते. तुमच्या वयाच्या मुलीला जेवढं दिसेल तेवढंच तुम्ही पाहिलंत आणि तेच जपून ठेवलंत. यात खोटं कुठून आलं?

आता जरा त्या काळाकडे वळू. तुम्हाला तो ठाऊक आहे, पण तुमच्या नातवाला आणि हे वाचणाऱ्या बऱ्याच जणांना नसेल. गोव्यावर तेव्हा पोर्तुगालचं राज्य होतं आणि पोर्तुगालवर हुकूमशहा सालाझारचं. तो स्वतः लष्करातला माणूस नव्हता. कोइंब्राच्या विद्यापीठात अर्थशास्त्र शिकवणारा प्राध्यापक होता. पण त्याला सत्तेची वाट मोकळी करून दिली ती २८ मे १९२६ च्या लष्करी उठावाने. १९२८ मध्ये तो अर्थमंत्री झाला, १९३२ मध्ये पंतप्रधान, आणि मग छत्तीस वर्षं हलला नाही. खुद्द पोर्तुगालमध्ये गुप्त पोलीस, सेन्सॉर आणि राजकीय कैद होतीच. गोव्यात वर परकी राज्यही होतं. सत्याग्रहींवरचे खटले पणजीत लष्करी न्यायालयापुढे चालले. सभेला परवानगी लागे, छापील मजकुराला परवानगी लागे, लग्नपत्रिकासुद्धा छापण्याआधी सेन्सॉरच्या नजरेखालून जावी लागे. १९४६ च्या १८ जूनला मडगावात डॉ. राममनोहर लोहिया नुसते बोलायला उभे राहिले तर त्यांना पकडलं. म्हापशाचे शल्यविशारद डॉ. पुंडलीक गायतोंडे १९५४ मध्ये एका मेजवानीला गेले होते. भाषणात कुणी म्हणालं की हे पोर्तुगालच आहे. त्यावर डॉक्टर "मी निषेध करतो" एवढंच म्हणाले. त्यांना अटक करून थेट पोर्तुगालला धाडण्यात आलं.

जेवणाच्या टेबलावरच्या दोन-तीन शब्दांना ही किंमत होती. तुमच्या घरात तर मराठी शाळामास्तर होते, म्हणजे आधीच नजरेत. मुंबईहून येणारं वर्तमानपत्र कुठे लपवायचं, कुणासमोर काय बोलायचं, शाळेत मुलाने चुकून काय बोलू नये, याचा विचार त्या घरात रोज होत असणार. आणि अशा घरात एका लहान मुलीला यातलं काहीही जाणवलं नाही! ताई, हे आपोआप होत नाही. तुमच्या आईने एकोणीस दिवस कारवारच्या मामाची गोष्ट चालवली. तुम्ही रोज काहीतरी विचारत असाल: बाबा कधी येणार, मामाकडे काय करतायत, मला का नाही नेलं. ती रोज काहीतरी उत्तर देत असेल, चुलीकडे तोंड करून. ज्या बालपणाला तुम्ही आज खोटं म्हणायला निघालात, ते त्या बाईच्या हातचं काम होतं.

आणि आता ती गोष्ट, जिच्यामुळे महिना गेला.

तुम्ही सतराच्या पाढ्याचा खेळ लिहिलात तो गोड आठवणींच्या यादीत, चीज आणि टॉफीच्या शेजारी. मी तिथे थांबले. पुन्हा वाचलं. संध्याकाळची वेळ. आत चार-पाच माणसं. दार बंद होतं की उघडं, ते तुम्ही लिहिलेलं नाही. सोप्यावर सात-आठ वर्षांची मुलगी. अनोळखी माणूस दिसला की पाढा, ओळखीचा असला तर गप्प. मोठ्या आवाजात, आत ऐकू जाईल असा.

ताई, तुम्ही पहाऱ्यावर होतात.

मी चुकत असेन. पाढ्यांचं वेड असलेले मास्तर मीही पाहिलेत, वाटसरूला थांबवून मुलीची हुशारी दाखवणारे. पण मग ओळखीच्या माणसासमोर पाढा का नको? आणि सतराचाच का? दोनाचा, पाचाचा पाढा पोर झोपेतही म्हणेल, तोंड पाढ्यावर आणि डोळे येणाऱ्या माणसावर ठेवून. सतराच्या पाढ्याला सगळं लक्ष लागतं. सतरा साते काय, हे आठवताना मुलाच्या चेहऱ्यावर भीती उमटत नाही, चोरी उमटत नाही. कपाळाला आठी पडते ती पाढ्याचीच. पाणंदीतून येणाऱ्या माणसाला सोप्यावर फक्त अभ्यास करणारी मुलगी दिसते. मला वाटतं, मास्तरांनी तो पाढा नीट विचार करून निवडला होता.

आत काय चालत असेल ते मला ठाऊक नाही. कदाचित रेडिओ असेल. वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांचं गुप्त केंद्र १९५५ च्या नोव्हेंबरपासून आंबोलीच्या आणि नंतर कॅसलरॉकच्या जंगलातून चालत होतं. गोंयच्या सोडवणेचो आवाज, कोंकणीत आणि पोर्तुगीजमध्ये. कदाचित कागदपत्रं असतील. कदाचित दुसरं काही न करता माणसं नुसती बसून बोलत असतील; त्या दिवसांत तेवढंही पुरे होतं. पण तारखा पाहा. बोटं मोडली १९५५ मध्ये. सतराचा पाढा तुम्हाला येत होता म्हणजे तो खेळ १९५७-५८ च्या आधीचा नसावा. म्हणजे बोटं मोडून घरी आलेला माणूस दोन वर्षांनी पुन्हा आतल्या खोलीत बसत होता, आणि दारात त्याने तुम्हाला बसवलं होतं.

हे सांगून मी तुमच्याकडून काही हिरावून घेतलं का, याची मला धास्ती आहे. गुळाचा खडा आता तुम्हाला वेगळा लागेल. कदाचित रागही येईल: एवढ्याशा पोरीला त्यात ओढायची काय गरज होती? तो राग आला तर येऊ द्या, तो रास्त आहे. पण दादा म्हणतात ना, की तू फक्त चॉकलेटं खाल्लीस, त्याला तुमचंच पत्र उत्तर देतंय. तुम्हाला न सांगता कामाला लावलं होतं, आणि तुम्ही ते काम एकदाही न चुकता केलंत.

दादांबद्दल. तुम्ही त्यांना पत्रात 'कडवट' म्हणता, दोनदा. मला ते फार थकलेले वाटतात. कारवारच्या मामाची गोष्ट आई सांगत होती तेव्हा शेजारी बसलेल्या बारा वर्षांच्या मुलालाही ती गोष्ट पाठ करावी लागली असेल. त्याने ती तुमच्यासमोर सांभाळली, शाळेत सांभाळली, पोलिसांनी विचारलं असेल तर तिथेही. अशी मुलं लवकर मोठी होतात आणि मग त्यांना एक प्रश्न सुटत नाही: मी एवढं धरून ठेवलं, ते कुणाला कळलं का? सत्तर वर्षांनी मोबाइलवर त्यांनी काय ऐकलं? चीज, टॉफी, मेणाचा पोपट. जिच्यापासून सगळं लपवलं, तिला खरंच काही कळलं नाही. म्हणजे लपवणं जमलं होतं! पण ते असं ऐकायला मिळेल अशी त्यांची अपेक्षा नसावी. चॉकलेटचा टोमणा वाईट होता, मी त्याचं समर्थन करत नाही. फक्त त्याच्या खालचं वाक्य "तू खोटारडी आहेस" हे नसून "मी एकटाच होतो" हे असावं, असं मला वाटतं.

माझी आई बांद्याची. गोव्याच्या सीमेवरचं हे गाव. १९५५ च्या ऑगस्टमध्ये सत्याग्रहींच्या तुकड्या तिथून पुढे निघत. ती दहा वर्षांची होती. तिला विचारलं की ती भाताची तपेली सांगायची: केवढी मोठी, किती जणांना पुरली, कोण परातीतच जेवला. पत्रादेवीला गोळीबार झाला, माणसं मेली, हे तिला माहीत होतं. इतिहास म्हणून माहीत होतं. पण डोळ्यांपुढे यायची ती तपेली. मी कॉलेजात असताना तिच्यावर चिडायचे, एवढ्या मोठ्या दिवसाचं तुला भातच आठवतो! आज मला त्या चिडण्याची लाज वाटते.

आता त्या टॉफीबद्दल आणि लाल मेणाबद्दल, कारण तुमच्या नातवाने ते सगळ्या ग्रुपला ऐकवलंय आणि खाली कुणीतरी "पाखल्यांच्या काळात सगळं कसं छान होतं" असं लिहिलंय. हॉलंडचं चीज आणि बटाटे गोव्यात दिसत होते ते कुणाच्या मोठेपणामुळे नव्हे. १९५५ च्या सुमाराला भारताने सीमा बंद केली, कॅसलरॉककडून येणारी रेल्वे थांबली, घाटावरून येणारा माल बंद झाला. मग लिस्बनने बाजार बोटींवर चालवला. पैसा होता, कारण लोहखनिज जपानला जात होतं. शेजारच्या घरात चीजचा गोळा यायचा आणि तुमच्या घरात फक्त त्याचं मेण यायचं, हे तुम्हीच लिहिलंय. त्याच्या आत सगळं अर्थशास्त्र आलं. नातवाला ते मेणाच्या पोपटासकटच सांगा, पोपट वगळू नका.

टॉफी देणारा पाखला चांगला माणूस असू शकतो. पोर्तुगालच्या एखाद्या खेड्यातून सक्तीच्या भरतीत उचलून आणलेला विशीतला मुलगा, घरी तुमच्याएवढी बहीण असलेला. त्याच राजवटीच्या पोलिसात गोव्यात एजंट कासिमिरो मोंतेरोही होता, ज्याच्या नावाने कोठडीतली माणसं थरथर कापत. तोच मोंतेरो पुढे सालाझारच्या गुप्त पोलिसांत गेला आणि १९६५ मध्ये स्पेनच्या हद्दीत त्याने जनरल उंबेर्तो देल्गादो यांना ठार केलं. देल्गादो १९५८ मध्ये सालाझारच्या माणसाविरुद्ध राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढले होते. टॉफीमुळे मोंतेरो पुसला जात नाही, आणि मोंतेरो होता म्हणून टॉफी विषारी होत नाही. तुमच्यावर या दोहोंचा हिशेब जुळवायची सक्ती कुणी केलीये?

तुम्हाला वाटत असेल की गोड आठवण ठेवणं म्हणजे त्या राजवटीला मत देणं. तसं नाही. पण गोड आठवणींचं कुणी मत बनवू शकतं, हेही खरं. खुद्द पोर्तुगालमध्ये २००७ साली दूरदर्शनच्या एका कार्यक्रमात प्रेक्षकांनी सर्वकालीन थोर पोर्तुगीज निवडला. पहिला आला सालाझार, ४१ टक्के मतं घेऊन. मत देणाऱ्यांत त्या राजवटीत लहान असलेले किती होते ते मला सांगता येणार नाही, पण रस्ते स्वच्छ होते, दारं उघडी टाकून झोपायचो, ही वाक्यं तिथलीही आहेत आणि तुमच्या ग्रुपवरचीही. दारं उघडी टाकून झोपणाऱ्यांच्या घरी रात्री कुणी आलेलं नसतं, एवढाच त्याचा अर्थ.

म्हणून नातवाच्या रेकॉर्डिंगचं माझ्या मते एकच करायला हवं: ते काढून टाकू नका, पूर्ण करा. त्याला समोर बसवा आणि मी ज्या वयात जे पाहिलं ते हे, आणि त्याच वेळी त्याच घरात हेही झालं, असं दोन्ही सांगा. खडू डाव्या हातात धरलेले बाबा तुम्ही स्वतः पाहिलेत, ती दादांची आठवण नाही, तुमची आहे. तिथून सुरुवात करा.

पासपोर्टचं वेगळं बोलू या, कारण तुम्ही दोघांनी ते या आठवणींत इतकं गुंतवलंय की सुटं करायला जड जाईल. १९ डिसेंबर १९६१ च्या आधी गोव्यात जन्मलेल्यांची जन्मनोंद पोर्तुगालमध्ये करता येते आणि तिच्या आधारे मुलं-नातवंडं तिथलं नागरिकत्व मागू शकतात. गोव्यातल्या हजारो घरांनी ते केलंय. त्यात स्वातंत्र्यसैनिकांची घरंही असतील. तुम्ही १९५० साली तिथे जन्मलात ही घडलेली गोष्ट आहे. तिची नोंद म्हणजे कुणाला दिलेलं प्रशस्तिपत्र नव्हे. आणि आज जे राज्य तो पासपोर्ट देतं, ते सालाझारचं राज्य नाही. ती राजवट २५ एप्रिल १९७४ ला पडली, पोर्तुगालच्याच तरुण लष्करी अधिकाऱ्यांनी पाडली, लोकांनी त्यांच्या बंदुकांच्या नळ्यांत कार्नेशनची फुलं खोवली. गोवा भारताचा आहे हे लिस्बनने मान्य केलं तेही त्याच वर्षाच्या शेवटी.

हे दादांना सांगितलं तर पटेल? मला शंका आहे. पटावं अशी सक्तीही नको. वडिलांचा हात रोज पाहिलेल्या माणसाला पोर्तुगालचा शिक्का पाहून मळमळलं तर त्याला कायद्याची कलमं ऐकवू नयेत.

पण सहीआधी एक काम करा, आणि ते भावनेचं नाही. भारतात दुहेरी नागरिकत्व नाही. नातवाने तिकडचं नागरिकत्व घेतलं की इथला पासपोर्ट जातो, मतदान जातं. हे त्याला नीट ठाऊक आहे का ते विचारा, एजंटने सांगितलेलं धरू नका. आणि तुमची स्वतःची नोंद तिकडे झाली तर तुमच्या नागरिकत्वावर कुणी बोट ठेवू शकतं का, हे गोव्यातल्या जाणत्या वकिलाकडून लेखी घ्या. यावरून वाद झालेत, कोर्टात गेलेत. हे सगळं पाहून सही करावीशी वाटली तर करा, नाही वाटली तर करू नका. नातू २४ वर्षांचा आहे, आजीने नाही म्हटलं तर त्याचं आयुष्य थांबणार नाही. फक्त सही "दादा रागावेल" म्हणून अडवू नका आणि "दादाला दाखवून देते" म्हणूनही करू नका. सध्या मला दोन्हींचा वास येतोय.

दादांशी बोलणं. फोनवर नको, जा. जमत असेल तर पावसाळा संपल्यावर, चार दिवस राहायच्या बोलीने. रेकॉर्डिंगवाला नातू पहिल्या खेपेला बरोबर नको. आणि गेल्या गेल्या "त्या दिवशी तू मला असं बोललास" यावर येऊ नका; त्यातून फक्त दुसरं भांडण निघतं.

माझा अनुभव असा, की या वयाच्या माणसांना "तुला तेव्हा काय वाटलं?" असं विचारलं की ती गप्प होतात किंवा भाषण देतात. वस्तूबद्दल विचारलं की बोलतात. बाबांना नेलं तेव्हा त्यांच्या पायात काय होतं? कंदील कुणी धरला होता? परत आले ते कुठल्या दाराने? शाळा त्या एकोणीस दिवसांत कुणी चालवली? त्यांचं उत्तर तुमच्या आठवणीशी जुळलं नाही तर दुरुस्त करू नका. म्हातारपणी वर्षं इकडची तिकडे होतात, दोघांचीही. नंतर वहीत दोन रकाने करून लिहा, दादाला असं आठवतं, मला असं. तिसरा रकाना काढायचा मोह होईल, खरं काय ते लिहायला. तो रिकामाच राहू द्या.

कागद शोधायचे असतील तर पणजीच्या पुराभिलेख खात्यात पोर्तुगीज काळातले दस्तऐवज आहेत. सालाझारच्या गुप्त पोलिसांचं दप्तर लिस्बनच्या तोर्रे दो तोंबो या राष्ट्रीय पुराभिलेखागारात आहे आणि १९९४ पासून लोकांसाठी खुलं झालंय. एका खेड्यातल्या शाळामास्तरांच्या एकोणीस दिवसांची ओळ तिथे सापडेल, अशी आशा फार ठेवू नका. पुष्कळ उचलाउचल कागदावर आलीच नसेल. पण नातवाला तिकडे जायचंच आहे ना? मग पहिल्या सुट्टीत त्याला त्या इमारतीत पाठवा. पणजोबांचं नाव एका चिठ्ठीवर लिहून द्या. दादांना ही कल्पना सहीपेक्षा बरी वाटेल, असा माझा अंदाज आहे.

एक सावधगिरी. दादा ८२ वर्षांचे आहेत. बोलायला लागल्यावर रात्री झोप उडाली, दचकून उठायला लागले, जेवण तुटलं, तर विषय बाजूला ठेवा आणि वहिनींना विश्वासात घेऊन डॉक्टरांना दाखवा. सगळं बोलून मोकळं झालंच पाहिजे असा नियम नाही. काही माणसं न बोलता नीट जगतात, त्यांना तसं जगू द्यावं. तुमच्या वडिलांनी शेवटपर्यंत काही सांगितलं नाही, याचं तुम्हाला फार वाईट वाटतं असं पत्रात आहे. मला त्यात फक्त दुःख दिसत नाही. न बोलण्याची सवय त्या काळाने लावली असेल, पण मुलीला गुळाचा खडाच आठवावा, ही त्यांची स्वतःची निवडही असू शकते.

हे पत्र छापण्यामागे आणखी एक कारण आहे. मराठवाड्यातून मला अशाच चालीची पत्रं येतात, रझाकारांच्या दिवसांत लहान असलेल्यांच्या मुलांची: आई म्हणते आम्ही शेतात लपाछपी खेळायचो, मामा म्हणतात आम्ही शेतात लपलो होतो. त्यांना मी हेच सांगेन. खेळ म्हणून आठवत असलेल्या गोष्टीचे नियम विचारा. कुणी शिकवला, कधी खेळायचा, हरलं तर काय व्हायचं. मात्र ऐंशीच्या घरातल्या आईला "तो खेळ नव्हता" असं तोंडावर सांगायची घाई करू नका. मी तुम्हाला सांगितलं, कारण तुम्ही सहा पानं लिहून विचारलंत. तरी महिना लागला.

तर ताई, दादांकडे गेलात की पहिल्या संध्याकाळी सोप्यावर बसा. पाढा तुम्हाला अजून येतो असं लिहिलंय. म्हणा, सतरा एके सतरा, सतरा दुणे चौतीस. मग विचारा, "दादा, मी हा म्हणायचे तेव्हा आत काय चाललेलं असायचं?"

त्यांनी काय सांगितलं ते मला कळवाल का? छापणार नाही.